बाळकुमच्या वाफ्यातला तिसरा डाव

माणसाने पंचविसाव्या वर्षी शपथा घेऊ नयेत. त्या वयात गुडघे दुखत नाहीत, त्यामुळे ते आपल्याला आहेत हेच ठाऊक नसतं. मी घेतली होती शपथ. बाळकुमच्या क्रुसापुढे, जिभेवर मिठाचा खडा ठेवून, सगळ्या गावादेखत म्हणालो की आट्यापाट्यांची ढाल गावात येईपर्यंत मी सूर म्हणून उभा राहीन. गावाने मला खांद्यावर उचलून घेतलं. पुढे सतरा वर्षं कोणी खाली उतरवलं नाही.

खेळ सोपा आहे, फक्त खेळणाऱ्याला कठीण. जमिनीवर नऊ आडव्या पाट्या आणि मधोमध एक लांब उभी. आडव्या पाट्यांवर एकेक गडी राखणीला. समोरच्याने हुलकावण्या देत नऊही पाट्या ओलांडायच्या आणि तसंच परत यायचं. परत आला की लोण झालं. वाटेत कोणाचा हात लागला की गडी मेला. पहिल्या पाटीचा गडी उभ्या पाटीवरही धावतो, तो सूर. बाकीचे आपापल्या पाटीवर दम खातात, सूर मात्र डाव संपेपर्यंत नुसता धावत असतो. गावाने असं काम एका माणसाच्या गळ्यात का बांधलं ते मला आता कळतं. त्या माणसाने स्वतःच मान पुढे केली होती.

ढाल होती कल्याणच्या खाडीवरच्या कोळ्यांकडे. दरसाल मार्चात ते ओहोटीबरोबर होडीने खाली यायचे, खेळायचे, आणि भरती लागली की ढाल घेऊन परत जायचे. खेळ व्हायचा आमच्या मिठागरातल्या एका वाफ्यात. तेवढा एक वाफा त्या साली मिठाला द्यायचा नाही, अशी रीत. त्यात पाणी घ्यायचं, गाळ बसू द्यायचा आणि आठ दिवस अनवाणी तुडवायचा, तेव्हा कुठे दगडासारखी जमीन तयार होते. लोकांना वाटतं मैदान आपोआप असतं. ते पायांनी करावं लागतं, आणि माझ्या पायांनी सतरा वेळा केलं.

मी सांगतो ती गोष्ट प्लेगच्या आदल्या वर्षीची. त्या साली माझा उजवा गुडघा सुजून नारळाएवढा झाला होता. ठाण्याच्या वैद्याने दाबून पाहिलं आणि म्हणाला की इनास, याच्यावर आणखी एक साल धावलास तर चिखलात उभं राहणं विसर. आणि भातवाल्याला चिखलात उभं राहता आलं नाही तर त्याने करायचं काय? माझी बायको अ‍ॅग्नेस तेव्हापासून माझ्याशी तुटक बोलत होती. लावणी एकटीने उरकावी लागेल हे तिला दिसत होतं. शपथ मोड असं मात्र ती कधी म्हणाली नाही. आमच्यात मिठावरची शपथ मोडत नाहीत, घरी अन्न गोड लागत नाही म्हणतात. म्हणजे सुटायची वाट एकच उरली होती. त्या साली ढाल यायलाच हवी होती.

तीन डावांची पैज. पहिला त्यांनी घेतला, दुसरा आम्ही. तिसऱ्यात आमचं एक लोण झालं आणि मग त्यांची पाळी आली. त्यांचे आठ गडी एकामागून एक मेले. उरला एकटा धाकू. धाकू माझ्याच वयाचा, सतरा वर्षं माझ्यासमोर पळणारा. दाढीत पांढरं आलेलं, पण अंग अजून माशासारखं निसटणारं. तो परत पोचला तर बरोबरी, आणि बरोबरी झाली तर ढाल जिथली तिथे, कल्याणला. तो मेला तर ढाल आमची आणि मी मोकळा.

तो नऊ पाट्या गेला. परतीच्या आठ आला. शेवटच्या पाटीशी आम्ही दोघंच समोरासमोर. तो डावीकडे झुकला, मी झुकलो, तो उजवीकडे वळला आणि मी हात फेकला. तेवढ्यात माझा गुडघा मोडल्यासारखा वाकला. बोटं त्याच्या पाठीपासून वीतभर लांब राहिली. मी तोंडावर आपटलो. मीच तुडवून घट्ट केलेली जमीन मला लागली.

राखणारे गडी हाताला मिठाची पूड चोळून उभे राहतात, म्हणजे उघड्या पाठीवर पांढरा पंजा उठतो आणि वाद राहत नाही. पण तिसऱ्या डावापर्यंत पाठी घामाने भिजलेल्या असतात, मीठ विरघळून जातं. पंच होते ठाण्याचे त्र्यंबक मास्तर. त्यांनी वाकून धाकूची पाठ पाहिली, काही दिसेना. मग रीतीप्रमाणे त्यांनी त्याच्या हातावर मिठाचा खडा ठेवला. जिभेवर मीठ ठेवून पळणारा जे सांगेल ते खरं.

धाकूने खडा तोंडात टाकला. माझ्याकडे, माझ्या गुडघ्याकडे पाहिलं.

"लागला हात," तो म्हणाला.

सगळं बाळकुम ओरडत वाफ्यात उतरलं. मी अजून जमिनीवरच होतो. मी सुटलो होतो, आणि मला आनंद व्हायला हवा होता. पण मला आला राग. सतरा वर्षं ज्याला पकडायला धावलो त्याने माझी कीव करावी? लंगड्या बैलाला बाजूला बांधावं तसं मला बाजूला करावं? माझ्या डोक्यात तेवढंच शिरलं. मी मास्तरांकडे हात पसरला, खडा मागून घेतला आणि जिभेवर ठेवला.

"नाय लागला," मी म्हणालो. "वीतभर ऱ्हायला."

मास्तरांनी दोनदा विचारलं. मी दोनदा तेच सांगितलं. पकडणाराच नाही म्हणतो म्हटल्यावर लोण देणं भाग होतं. बरोबरी झाली, ढाल कल्याणची राहिली. गाव मला वळसा घालून वाफ्याबाहेर निघालं. अ‍ॅग्नेस बांधावरून उठली आणि घराकडे चालू लागली.

भरतीला अजून अवकाश होता. कोळी होडीपाशी बसले होते, ढाल वाळूत उपडी पडली होती. धाकू माझ्यापाशी येऊन बांधावर टेकला. आम्ही पाय पसरून बसलो. त्याच्या टाचा माझ्यासारख्याच मिठाने फाटलेल्या होत्या.

मी म्हणालो, "माजी कीव नको करूस. मिठावर खोटं बोललास तू."

"तुजी कीव कोन करतंय रे?" तो म्हणाला. आवाजात भांडण नव्हतं, ताकदही नव्हती. "मना सुटायचं व्हतं. ढाल गेली असती ना, तर फुडच्या सालाला मना कोन बोलवाया आलं नसतं. हरलेल्या म्हाताऱ्याला कोन बोलवतो? दोगं बी घरी बसलो असतो, इनास."

तोंडात त्या खड्याची चव अजून होती.

त्या पावसात लावणीला मी चिखलात उभा राहू शकलो नाही. बांधावर बसून रोपांच्या जुड्या फेकत राहिलो आणि अ‍ॅग्नेस एकटी वाकून लावत राहिली. तिने एकदाच विचारलं, हात खरंच लागला नव्हता का. मी नाही म्हणालो. ती पुढची जुडी उचलायला वळली.

पुढच्या साली प्लेग आला आणि पैज झाली नाही. त्यात धाकू गेला. नंतर कल्याणहून होडी कधी आलीच नाही, आणि तो वाफा पुन्हा मिठाला गेला. मी पाद्रीबाबांपुढे गुडघा टेकता येईना म्हणून उभ्याने कबुली दिली. म्हटलं, मी खरं बोललो त्याचा मला पश्चात्ताप होतो. ते बिचारे घोटाळले. यात पाप कोणतं ते त्यांना सापडेना, म्हणून त्यांनी प्रायश्चित्तही दिलं नाही.

ढाल काही गावात आलेली नाही. तेव्हा शपथेप्रमाणे बाळकुमचा सूर अजून मीच आहे.