राखगडची वेस

सुखदानं सकाळपासून तीनदा टेबल पुसलं होतं. हसू नका, बसवनगुडी भागातल्या त्या दोन खोल्यांच्या ऑफिसात आज तिच्या दीड वर्षाच्या मेहनतीचा निकाल लागायचा होता.

'राखगड' हा त्यांचा कॉम्प्युटर गेम. त्याचे दोन भाग तुफान चालले. होतं काय त्यात? जळून कोळसा झालेलं गाव, काळी भुतं आणि बंदूक. दिसलं की घाल गोळी. तिसरा भाग सुखदाकडे आला आणि बाईंनी सगळंच उलटं केलं. तिची गोष्ट गाव जळण्याच्या आधीची. बंदूकच नाही. खेळणारा वेशीवरचा पहारेकरी. त्यानं दिवे लावायचे, निरोप पोचवायचे, लग्नात जेवायचं. चित्रं म्हणाल, तर शेजारच्या यल्लव्वांच्या साडीवरच्या कसुती भरतकामाचे टाके मोजून एकेक ठिपका भरलेला. लाल रथ, हिरवे मोर, पिवळी घरं.

"भजनी मंडळाला विकायचाय का?" मालक सूर्यकांत म्हणाले होते. पहिले दोन भाग त्यांच्या हातचे, झोंबणारच. मग त्यांनी अट घातली. "जुना खेळाडू बोलावतो. शेवटपर्यंत खेळला तर तुझा गेम बाजारात. मधेच उठला, तर बंदूक परत."

खेळाडू म्हणजे निपाणीचा संग्राम, पीण्या औद्योगिक वसाहतीतल्या कारखान्यात लेथवर काम करणारा. दोन्ही भाग त्याला तोंडपाठ.

"अक्का, बंदूक कुठाय?"

"नाहीये."

त्यानं नाक मुरडलं. झालं कल्याण, सुखदाला वाटलं.

पण अर्ध्या तासात गडी खुर्चीत पुढे सरकला. म्हातारीचं हरवलेलं वासरू शोधताना वासरालाच दटावू लागला. लग्नात तर चक्क हसला. चहा गार झाला, त्याला हातही लागला नाही. तीन तास! सुखदाला उठून नाचावंसं वाटत होतं.

शेवटचा प्रसंग आला. वेशीबाहेर व्यापाऱ्यांच्या वेषात शत्रू उभा. एक कळ दाबली की दरवाजा उघडणार आणि गेम संपणार.

संग्रामनं कळ दाबली नाही. तो पडद्यावरच्या गावात एक फेरी मारून आला. पुन्हा गेला, पुन्हा आला. मग कीबोर्ड सरकवून सरळ उभा राहिला.



"उठला. बघितलंस?" सूर्यकांत म्हणाले.

"का रे उठलास?" तिचा आवाज रडवेला झाला.

"मी न्हाई उघडणार, अक्का. पुढं काय होतंय ठाऊक हाय मला. ती म्हातारी, ते नवरा-नवरी, सगळी जळणार. ह्याच गल्ल्यांतनं दोन वर्षं ह्यांच्याच भुतांवर गोळ्या झाडत फिरलोय मी." त्यानं तोंडावरून हात फिरवला. "दुसरी कळ ठेवा की. न उघडायची."

सूर्यकांत त्याच्या खुर्चीत बसले. कळेवर बोट ठेवलं, आणि काढून घेतलं. पडद्यावरची पिवळी घरं ते बराच वेळ बघत राहिले. पहिल्या भागात तीच घरं त्यांनी स्वतः काळी रंगवली होती.

"या घरांत कोण राहत होतं, हे माझ्या मनातच आलं नव्हतं," ते म्हणाले. "सुखदा, असाच बाजारात जाऊ दे. एक ठिपका हलवू नकोस."

"म्हणजे दुसरी कळ न्हाई?" संग्राम अजून रागातच होता.

"नाही रे," सुखदा म्हणाली, आणि आनंदानं तिचे डोळे भरून आले.