मढ्याचं वाक्य

दिग्दर्शिका फिलिपाने ‘ॲक्शन’ म्हटलं आणि एमरिस प्रोबर्टने श्वास कोंडला. नजर एका जागी खिळली, हातातली झारी अधांतरी राहिली. समोर डिटेक्टिव्ह झालेली मॉर्वेन उत्तराची वाट बघत उभी.

“कट,” फिलिपा म्हणाली.

एमरिसने भसकन श्वास सोडला आणि सगळ्यांची माफी मागितली.

आता यात त्याचा तरी काय दोष? बिचाऱ्याने उभा जन्म टीव्हीवर मढ्याची कामं करण्यात घालवला होता. तळ्यात तरंगला, पियानोखाली चिरडला, खाटकाच्या शीतघरात डुकरांशेजारी टांगलासुद्धा गेला. पापणी हलेल तर शपथ! कार्डिफमध्ये नवा दिग्दर्शक आला की लोक त्याला सांगायचे, एमरिस आहे ना, मग मढ्याची काळजी सोडा. नाव मात्र एकाही प्रेक्षकाला ठाऊक नव्हतं. ॲक्शन म्हटलं की श्वास बंद, कट म्हटलं की चालू, हे त्याच्या अंगात भिनलं होतं.

या खेपेला पहिल्यांदाच जिवंत माणसाचं काम मिळालं होतं, माळ्याचं. डिटेक्टिव्ह विचारते, सगळं पाहिलंत तर बोलला का नाहीत? त्यावर त्याने म्हणायचं, ‘मला कुणी विचारलंच नाही.’ एवढं एकच वाक्य. त्याच्या बायकोने, नेस्टाने, अख्ख्या गल्लीला टीव्ही बघायला बोलावून ठेवलं होतं. केक कसला करायचा तेही ठरलं होतं.

पुन्हा घेतलं, पुन्हा तेच. युनिटमधले लोक तोंड फिरवून हसत होते. एमरिसलाही हसू येत होतं, पण कानाच्या पाळ्या लाल झाल्या होत्या. शेवटी फिलिपाने त्याला बाजूला घेऊन सांगितलं, की आता एकदाच बघू. नाही जमलं तर वाक्य मालिकेतल्या शेजारणीला देऊ, तुम्ही नुसती मान हलवा. एमरिसला तो केक आठवला. नेस्टाला काय तोंड दाखवणार?

तेवढ्यात मॉर्वेन फिलिपाच्या कानाशी काहीतरी कुजबुजली आणि आपल्या जागेवर आली. कॅमेरा आता फक्त एमरिसच्या चेहऱ्यावर होता.

“ॲक्शन.”

श्वास अडकला तो अडकलाच.

“कट.”

झालं, संपलं. एमरिसचे खांदे पडले. कॅमेऱ्यावरचा लाल दिवा तसाच चालू होता, तो त्याला दिसलाच नाही.

मॉर्वेन जागची हलली नव्हती.

“काय रे,” ती म्हणाली, “किती मालिकांत मी तुझ्या मढ्यावर वाकून उभी राहिले. तुला बोलायचं होतं, तर एवढी वर्षं गप्प का बसलास?”

एमरिस तिच्याकडे बघून हसला. मग ते हसू हळूहळू ओसरलं.

“मला कुणी विचारलंच नाही.”

फिलिपाने मॉनिटरवरून नजर न काढता अंगठा वर केला.

एमरिस झारी सावरत फिलिपाकडे वळला.

“अजून एक संधी द्या हो,” तो म्हणाला. “हे मी आपलं माझं बोललो. वाक्य राहिलंय.”