बेपत्ता माणसाचे मत

चार वर्षांपूर्वी बेपत्ता झालेल्या फिटरने नगरपालिकेच्या निवडणुकीत मतदान केले.

मतदान केंद्रातल्या कॅमेऱ्यात तो पाठमोरा दिसत होता. हरलेल्या उमेदवाराने याचिका दाखल केली: हे मत तोतयाने टाकले, तेही विजयी उमेदवाराच्या संमतीने, सबब निवड रद्द व्हावी. साक्षीला फिटरच्या बायकोला बोलावणे आले. त्या दिवसापासून ती शिवणयंत्रावर बसली तरी कान दाराकडे असायचे. मत दिले म्हणजे माणूस जिवंत आहे, एवढेच तिने त्या सगळ्या कायद्यातून उचलले होते.

कोर्टात चित्रफीत सुरू झाली. अंगात नवऱ्याचा खाकी कोट, डावा खांदा पाडून चालणे. तिचा जीव सुपाएवढा झाला. मग त्या माणसाने रांगेत उभ्या उभ्या उजव्या पायाने डावी पोटरी खाजवली. नवऱ्याला ती खोड कधीच नव्हती. मुलाला होती, रांगत्या वयानंतर उभा राहिला तेव्हापासून.

"ओळखता का यांना?" याचिकाकर्त्याच्या वकिलाने विचारले.

मुलगा मागच्या बाकावर, विजयी नगरसेवकाच्या शेजारी बसला होता. त्यांच्याच कार्यालयात तो नोकरीला होता.

"हे आमचेच," ती म्हणाली.

"बाई, तुम्ही शपथेवर आहात. चेहरा तर दिसत नाही."

"जन्मभर ह्यांचे शर्ट शिवले, वकीलसाहेब. चेहऱ्याचं माप कधी घेतलं नाही."

हशा पिकला. याचिका फेटाळली गेली. पाठोपाठ पोलिसांनी शोध थांबवला. पत्नीनेच शपथेवर ओळखलेला माणूस बेपत्ता कसा म्हणायचा?

संध्याकाळी मुलगा जेवताना खुशीत होता. "आई, वकिलाची बोलतीच बंद केलीस. साहेब म्हणाले, तुझ्या आईलाच तिकीट देऊ."

"बाबांचं नाव का दिलंस?"

"ऑफिसातल्या सगळ्यांनीच घरातलं एकेक दिलं. जे मत द्यायला येणार नाही, असं."

"बाकीच्यांनी कोणाची दिली?"

"गेलेल्यांची. यादीतून नाव काढायचं राहिलं होतं, अशांची."

तिने त्याच्या ताटात पोळी वाढली. बेपत्ता माणूस केव्हाही परत येऊ शकतो, मतदानाच्या दिवशीही. आणि तो केंद्रावर उभा राहिला असता तर तोतया जागच्या जागी सापडला असता. तिचा मुलगा पाण्याची खोली पाहिल्याशिवाय पाय घालणाऱ्यांतला नव्हता.

"ते येणार नाहीत, हे तुला कसं ठाऊक?"

त्याने भाजी पुढे ओढली. "पहिल्या वर्षी शवागारातून बोलावणं आलं होतं ना."

"ते नव्हते म्हणालास."

"होते."

"मग?"

"त्याच दिवशी साहेबांकडे मुलाखत होती, आई. ओळखलं असतं तर पंचनामा, जबाब, सगळा दिवस गेला असता. पुन्हा कोण बोलावतंय?"

ती उठून शिवणयंत्रावर जाऊन बसली.

फिटर पहिल्याच वर्षी मेला होता. मुलाने प्रेत ओळखले आणि ओळखीचे नाही असे लिहून दिले. ते बेवारस म्हणून पुरले गेले. मतदार यादीतून नाव कमी करायला मृत्यूचा दाखला लागतो. तो कधी निघालाच नाही. म्हणून नाव राहिले, आणि मत पडले.