गसची टोपी

"थांबू नकोस लायमन, फिरव!" डायरेक्टर ओरडला आणि लायमनने कॅमेऱ्याचा दांडा फिरवत ठेवला.

शिडीवरून पडलेला गस चिखलात चाचपडत होता. एडनडेलच्या त्या मूकपटांच्या स्टुडिओत पाच वर्षं तो पडण्याचाच पगार खात होता. पडणाऱ्यांचा एक नियम असे. खरंच लागलं तर डोक्यावरची टोपी काढून वर धरायची, की कॅमेरा बंद. नुसतं कितीही विव्हळलं तरी ते नाटकच समजायचं.

पण पडताना गसची टोपी उडून थेट कुंपणापाशी गेली होती. तो कोपरांवर सरपटत तिकडे निघाला, पाय मागे नुसते ओढले जात होते. सगळे पोट धरधरून हसले. लेकाने आज काहीतरी नवीन काढलंय, असं वाटून लायमनही हसला. टोपीपासून हातभर अंतरावर गस निपचित पडला, तेव्हा कुठे लायमनचा हात थांबला. जागचा हलला नसता तर वाचला असता, असं डॉक्टर म्हणाले. चौथ्या दिवशी गस गेला.

दीड महिन्याने सिनेमा लागला. "मला घेऊन चल, एकटीने नाही बघवणार," गसची बायको, आयडेला, लायमनला म्हणाली. आज तिला सगळं सांगून टाकायचं, असं लायमनने रस्ताभर मनाशी घोकलं.

गस सरपटू लागला तसं लोकांनी थिएटर डोक्यावर घेतलं. लायमनला मान वर करवेना. शेजारून खुसखुस ऐकू आली. आयडेला डोळे पुसत पुसत हसत होती.

बाहेर उन्हात आल्यावर ती म्हणाली, "टोपीसाठी किती तो आटापिटा! घरीसुद्धा अस्साच करायचा, बाई." मग थबकली. "तेव्हा त्याला दुखत नव्हतं ना रे? तू तर समोरच होतास."

तोंडाशी आलेलं लायमनने गिळलं. "छे गं. हसवत होता आम्हाला."

तिने पिशवीतून गसची काळी टोपी काढली. चिखलाचा एक डागही राहिला नव्हता. "तू ठेव. तुझ्याइतकं त्याला कुणी नीट बघितलं नसेल."

टोपी डोक्यावर घालायचं धाडस लायमनचं झालं नाही. तो तशीच हातात घेऊन थांब्यावर उभा राहिला. समोरून ट्राम आली, तसा त्याने टोपीसकट हात वर केला.

ट्राम लगेच थांबली.