बंद न केलेला कॉम्प्युटर

बायको दवाखान्यात गेली तेव्हा तिचा कॉम्प्युटर चालूच होता. ती परत आली नाही, आणि ड्रायव्हरने तो कधी बंद केला नाही.

ड्रायव्हर म्हणजे आयुष्यभर बस चालवून निवृत्त झालेला माणूस. शेजारीपाजारी त्याला अजून ड्रायव्हरच म्हणत. बायको घरी बसून जुने फोटो दुरुस्त करायची. फाटलेले, डागाळलेले, वाळवीने खाल्लेले. फोटो स्टुडिओचा मालक तिला काम आणून द्यायचा. तिचं शेवटचं काम पडद्यावर तसंच उघडं होतं. कुणाचे तरी आजोबा, डावा कान वाळवीने खाल्लेला. तिने अर्धा कान नव्याने काढला होता, अर्धा राहिला होता. ड्रायव्हर रोज सकाळी चहाचा कप घेऊन त्या अर्ध्या कानासमोर बसायचा. त्याला त्या आजोबांचाही राग यायचा. तिच्या घरातल्या शेवटच्या दुपारी हा म्हातारा तिच्या डोळ्यांसमोर होता, आणि नवरा मात्र भाजी आणायला गेला होता.

कॉम्प्युटर बंद न करायला आणखी एक कारण होतं. एकदा बंद केला की परत सुरू होताना तो पासवर्ड मागणार, आणि पासवर्ड ड्रायव्हरला माहीत नव्हता. त्याने कधी विचारला नव्हता, तिने कधी सांगितला नव्हता. ती गेल्यावर काही दिवसांनी पडदा आपोआप काळा झाला, तेव्हा त्याच्या तोंडचं पाणी पळालं होतं. माउस हलवल्यावर कान परत दिसला. त्यावर त्याने आपल्या परीने इलाज केला आणि ती गोष्ट विसरूनही गेला.

पासवर्ड कुणाला माहीत असणार हे त्याला पक्कं ठाऊक होतं. स्टुडिओवाल्याला. त्यानेच कॉम्प्युटर आणला, त्यानेच जोडून दिला. तेव्हा दुपारभर तो तिच्या शेजारी खुर्ची टाकून बसला होता. ड्रायव्हर स्वयंपाकघरात चहा करत होता आणि बाहेरून दोघांचं हसणं ऐकू येत होतं. कशावर हसलात म्हणून विचारलं तर ती म्हणाली, "अहो, फोटोतलं आहे, तुम्हाला नाही कळायचं." ते वाक्य त्याच्या मनात काट्यासारखं राहिलं होतं. शिवाय तो माणूस तिला नावाने हाक मारायचा. ताई नाही, वहिनी नाही, सरळ नावाने.

अलीकडे मात्र कॉम्प्युटरचं वागणं बदललं होतं. ड्रायव्हर समोर बसला की टेबलाखालचा कॉम्प्युटरचा डबा गरीब गाईसारखा शांत. तो उठून दुसऱ्या खोलीत गेला की थोड्या वेळाने आतला पंखा घोंघावू लागे. ड्रायव्हरचा कान इंजिनावर तयार झालेला. उभ्या गाडीचा आवाज वेगळा आणि भरल्या गाडीने घाट चढतानाचा वेगळा. हा घाटातला आवाज होता. दबक्या पावलांनी तो दारात यायचा, आत डोकवायचा. खोलीत कुणी नसायचं. जाऊन माउसला हात लावला की आवाज बंद.

म्हणजे मी नसताना कुणाचं तरी काम चालतं, त्याने मनात म्हटलं. आणि मी आलो की गप्प. त्याला ते स्वयंपाकघरातून ऐकलेलं हसणं आठवलं. तेही तो चहा घेऊन बाहेर आल्यावर असंच थांबलं होतं.

रविवारी मेहुणी आली. तिने टेबलाखालच्या डब्यावर हात ठेवला आणि झटक्यात काढला.

"अगं बाई! भावोजी, हा तापलाय किती! यावर दूध उकळेल."

"तो कुणीतरी वापरतंय," ड्रायव्हर म्हणाला.

"कोण वापरतंय? भूत?"

"भूत नाही. जिवंत माणूस आहे."

त्याने नाव घेतलं नाही, पण चेहऱ्यावरून मेहुणी समजली. तिने कपाळावर हात मारला. "अजून तेच का? ताई असतानाही त्या बिचाऱ्याचं नाव निघालं की तुमच्या नाकाला मिरच्या झोंबायच्या. हे बघा, हा डबा असाच तापत राहिला तर एक दिवस जळेल. ताईचे सगळे फोटो आत आहेत. आमच्या लहानपणीचेसुद्धा. मग बसा त्या काळ्या पडद्यासमोर चहा पीत."

आणि तिने तिथूनच स्टुडिओवाल्याला फोन लावला.

तो दुपारी आला. केस काळे केलेले, चष्मा दोरीने गळ्यात अडकवलेला. पडद्यावरचा कान बघून तो दारातच थांबला.

"तिने एवढं केलं होतं होय," तो हळूच म्हणाला.

‘तिने’ म्हणे, ‘त्यांनी’ नाही. ड्रायव्हरने मनातल्या मनात दातओठ खाल्ले. मोठ्याने म्हणाला, "बसा."

स्टुडिओवाल्याने चालू प्रोग्रामांची यादी उघडली. यादीत काही वावगं नव्हतं. पंखा शांत होता.

"यादी उघडली की लपतोय," तो म्हणाला. "बेरकी आहे." त्याने खिशातून पेनड्राइव्ह काढला आणि त्यातून दुसरंच काहीतरी सुरू केलं. "हा पहारेकरी त्याच्या ओळखीचा नाही. आता आपण तिघंही बाहेर उभे राहू. माउसला हात नको."

तिघं दाराआड उभे राहिले. थोड्या वेळाने घाट सुरू झाला. स्टुडिओवाल्याने मान लांब करून बघितलं. यादीत सगळ्यात वर एक ओळ आली होती, आणि कॉम्प्युटरची जवळजवळ सगळी ताकद ती एकटी खात होती.

"हा बघा पाहुणा. कुठेतरी दूर बसलेला कुणी तुमच्या कॉम्प्युटरकडून हिशेबाची जड गणितं करून घेतोय. कमाई त्याची, ताप तुमच्या डब्याला. तुम्ही समोर आलात की काम थांबवतो, म्हणजे संशय नको."

"दूर बसलेला की जवळ बसलेला?" ड्रायव्हरने विचारलं.

"म्हणजे?"

"कॉम्प्युटर तुम्ही आणला. आत काय घातलं तुम्हाला ठाऊक. पासवर्ड तुम्हाला ठाऊक. तिच्याकडून काम करून घ्यायची सवयही तुम्हालाच."

"भावोजी!" मेहुणी ओरडली.

स्टुडिओवाल्याने चष्मा काढला, पुसला, परत लावला. "पासवर्ड मला ठाऊक नाही, ड्रायव्हरसाहेब. मी तिला म्हटलं, तुझा तू टाक, आणि तोंड फिरवून बसलो. ती इतका वेळ लावत होती की मी विचारलं, निबंध लिहितेस का? त्यावर ती हसली होती."

"तोंड फिरवून," ड्रायव्हर म्हणाला. "मानलं."

पण त्याने मानलं नव्हतं, आणि ते खोलीत सगळ्यांना कळलं.

स्टुडिओवाला कामाला लागला. त्याने ती ओळ बंद केली. ती परत आली. पुन्हा बंद केली, पुन्हा आली. "पुढच्या दाराने हाकलला की मागच्या दाराने येतोय. आत दुसरा कुणी बसलाय जो याला हाक मारतो. हा कुठल्या दिवशी आला ते बघू." त्याने तारीख काढली. मग त्याच तारखेला कॉम्प्युटरमध्ये आणखी काय आलं ते शोधलं. शोधून त्याने माउसवरचा हात काढला.

"काय झालं?" मेहुणीने विचारलं.

"ती गेल्यावर आठवड्याने एक प्रोग्राम उतरवून घेतलाय. फुकटातला. कॉम्प्युटरला झोपू न देणारा. पडदा काळा होऊ नये म्हणून. पाहुणा त्याच्याच पोटातून आलाय."

ड्रायव्हरला आठवलं. पडदा काळा झाला तो दिवस. एका बोटाने त्याने शोधलं होतं, कॉम्प्युटर झोपू नये म्हणून काय करावं. एक चौकट आली होती, परवानगी द्या म्हणून. त्याने दिली होती. आणखी एक आली, तीही दिली. कान दिसत राहू दे, बाकी काय हवं ते घ्या, असं म्हणून त्याने सगळ्याला होय म्हटलं होतं.

"तो मी घातला," तो म्हणाला.

स्टुडिओवाल्याने टोमणा मारला असता तर ड्रायव्हरला बरं वाटलं असतं. पण तो एवढंच म्हणाला, "आता बंद करावा लागेल. चालू असेपर्यंत हा मुळासकट निघायचा नाही. बंद करून पेनड्राइव्हवरून सुरू करतो आणि साफ करतो. फोटोंची काळजी नको. तिला बोलता बोलता सेव्ह करायची सवय होती, कानसुद्धा सेव्ह केलेला आहे. फोटोंची एक प्रत मी आत्ताच वेगळी काढतो. प्रश्न पासवर्डचा आहे."

"मग?"

"आत्ता कॉम्प्युटर उघडा आहे, तोवर नवा टाकता येईल. दोन रस्ते आहेत. एकात आधी जुना विचारतो. अंदाज करून बघायचा असेल तर बघा, चुकला तर नाही म्हणेल. दुसऱ्यात जुना विचारतच नाही."

"जुना कुठूनच कळणार नाही?"

"नाही. तो कॉम्प्युटरलाही माहीत नसतो. टाकलेला बरोबर की चूक, एवढंच त्याला सांगता येतं."

जुना पासवर्ड विचारणारी चौकट पडद्यावर आली. ड्रायव्हर खुर्चीत बसला. तिने निबंधाएवढा वेळ लावून काय टाकलं असेल? त्याचं बोट स्वतःच्या नावाच्या पहिल्या अक्षरावर गेलं. होय म्हणाला तर? मग त्याच्यासारखा सुखी कोण. आणि नाही म्हणाला तर? तर तो पुढचं नाव टाकणार, मागे उभ्या असलेल्या या माणसाचं. तेही नाही निघालं तर तिच्या शाळेतल्या कुणाचं, गल्लीतल्या कुणाचं. रोज सकाळी चहा घेऊन बसणार आणि एकेक नाव विचारत राहणार. त्यापेक्षा हा पाहुणा बरा, तो एकच होता आणि निदान दूर बसलेला होता.

त्याने बोट उचललं. "दुसरा रस्ता घ्या. न विचारणारा."

स्टुडिओवाल्याने चौकट बदलली आणि कीबोर्ड त्याच्याकडे सरकवला. मग कुणी काही न सांगता तो कोपऱ्यात गेला आणि भिंतीकडे तोंड करून उभा राहिला. हात मागे बांधलेले, शाळेत शिक्षा झालेल्या पोरासारखा. समोर भिंतीवर बघण्यासारखं काही नव्हतं. एक खिळा होता. तो खिळा बघत राहिला.

ड्रायव्हर त्याच्या पाठीकडे बघत बसला. बराच वेळ बघितलं. मग एका बोटाने टाइप करू लागला.

"झालं का?" भिंतीकडून आवाज आला.

"थांबा हो. परत एकदा टाका म्हणतंय."

"टाका, टाका. तिलाही दोनदा टाकावा लागला होता."

ड्रायव्हरला हे 'तिला' बोचलं, पण नेहमीसारखं खोल गेलं नाही.

फोटोंची प्रत निघाली. मग ड्रायव्हरने स्वतःच्या हाताने कॉम्प्युटर बंद केला. खोली एवढी शांत झाली की मेहुणी उगाचच खोकली. पुढे साफसफाई चालली, पाहुणा निघाला, त्याला हाका मारणारा निघाला, झोपू न देणाराही निघाला. संध्याकाळी कॉम्प्युटर पुन्हा सुरू झाला. ड्रायव्हरने पासवर्ड टाकला. या वेळी मेहुणीसुद्धा भिंतीकडे वळली. मग मेहुणीनेच आजोबांचा फोटो उघडून दिला. कान होता तसाच अर्धा. सगळे दुसऱ्या खोलीत जाऊन बसले, पण पंखा घोंघावला नाही.

निघताना स्टुडिओवाला दारात घुटमळला. "एक विचारायचं होतं. गिऱ्हाईक बरेच दिवस थांबलंय त्या फोटोसाठी. माझ्याकडे एक नवी मुलगी येते, हात छान आहे तिचा. कान तिच्याकडून पुरा करून घेऊ?"

"नको," ड्रायव्हर ताडकन म्हणाला.

"मग मीच करतो. पण खरं सांगू, माझा हात तिच्याइतका साफ नाही. जोड दिसेल."

"तुम्हीच करा," ड्रायव्हर म्हणाला. "जोड दिसू दे. तिचा अर्धा कुठे संपला ते लोकांना कळलं पाहिजे."