ओल्या भिंतीचा रंग

ओत्ताव्हियोने भिंतीवर बोट टेकवलं. बोटाला ओला रंग लागला. काल वाळलेली भिंत आज जेवणाच्या सुट्टीत ओली कशी, याचं उत्तर त्याच्याकडे तयार होतं: लोरेदाना.

ती त्याची सहायक. हुशार, कामसू, आणि अलीकडे जरा जास्तच गोड बोलणारी. दिग्दर्शकाशी कुजबुजायची आणि हा आला की गप्प व्हायची. रोमच्या स्टुडिओंत कला-दिग्दर्शकाची खुर्ची अशीच हळूच ओढली जाते, हे त्याने डोळ्यांनी पाहिलं होतं.

पावलं वाजली. तो प्लायवुडच्या भिंतीआड झाला. लोरेदाना बादली घेऊन आली आणि उरलेल्या कोपऱ्याकडे रोलर घेऊन वळली.

"माझ्या भिंतीला हात लावायला कुणी सांगितलं?" तो पुढे आला.

रोलर थांबला.

"खुर्चीची एवढी घाई झालीय? थोडी कळ काढ की. मी काय जन्मभर बसणार नाही तिच्यावर."

"मास्तर, रंग जांभळा झाला होता."

ओत्ताव्हियोला हसूच आलं. सेटवर जांभळा रंग म्हणजे अपशकुन; साधा जांभळा रुमाल दिसला तरी नट काम थांबवतात. नायिका सिन्योरा मार्झिया तर दारातूनच परत गेली असती. असली चूक शिकाऊसुद्धा करत नाही.

"राखाडी आहे तो. मी स्वतः कालवलाय."

त्याने कोपरा जवळ जाऊन पाहिला. राखाडीच. म्हणजे आता ही आपल्याला वेड्यात काढणार. त्याला तिची चीड आली.

तेवढ्यात लाइटवाला नेल्लो वायर गुंडाळत आत आला.

"काय साहेब, आज उपास की काय? तिकडे पास्ता चाललाय गार..."

त्याची नजर कोपऱ्यावर गेली. बोलणं अर्धवट टाकून त्याने पटकन लोखंडी शिडीला हात लावला, अपशकुन टाळायला इथे सगळेच लोखंडाला लावतात तसा.

"पोरी, सिन्योरा यायच्या आत झाक बाई ते," एवढं पुटपुटून तो आल्या पावली बाहेर पडला.

ओत्ताव्हियो शिडीकडे बघत राहिला. नेल्लोला कुणी पढवलेलं नव्हतं. त्याने पुन्हा कोपऱ्याकडे पाहिलं, डोळे चोळून पाहिलं. राखाडीच.

"कधीपासून?"

"जेवायला चला ना, मास्तर."

"कधीपासून, लोरेदाना?"

"मागच्या पिक्चरपासून. चुकलेले रंग मीच बदलत आलेय. दिग्दर्शक म्हणाले, तुम्हाला कळू द्यायचं नाही."

मागच्या पिक्चरसाठी त्याला पारितोषिक मिळालं होतं. परीक्षकांनी भिंतींच्या रंगांचं मुद्दाम नाव घेऊन कौतुक केलं होतं. मंचावर त्याने सगळ्यांचे आभार मानले होते, अगदी सुतारांचेही. तिचं नाव राहून गेलं होतं.

तो रंगाच्या डब्यावर बसला.

"पुढच्या खोलीला कुठला रंग द्यायचा?" त्याने विचारलं.

"तुम्ही निळा म्हणाला होतात."

"मी काय म्हणालो ते सोड. तू सांग."