रुजू होण्याची तारीख

तात्पुरती ज्येष्ठता यादी दुपारी फलकावर लागली. हिरा कुबलने चौथ्या ओळीवर बोट ठेवलं, तर तिथे दत्तप्रसाद परबचं नाव. तिचं स्वतःचं नाव शेवटचं, दहावं होतं.

चार वर्षांपूर्वी एकाच आदेशाने दहा कारकुनांना अव्वल कारकून म्हणून बढती मिळाली होती. निवडसूचीत हिरा चौथी, दत्तप्रसाद पाचवा. पण त्याच आठवड्यात चक्रीवादळाने किनारा झोडपला. बाकीचे नव्या जागी रुजू झाले. हिरा देवबागची, घरन् घर ओळखणारी, म्हणून तिच्या तेव्हाच्या साहेबांनी तिला सोडलंच नाही. दीड महिना ती उडालेल्या कौलांचे आणि फुटलेल्या होड्यांचे पंचनामे करत फिरली. यादी करणाऱ्याने मात्र नुसत्या रुजू तारखा पाहिल्या होत्या. हरकतीसाठी पंधरा दिवस होते, आणि पुढच्या बढतीच्या जागा चारच.

संध्याकाळी नवरा लवू अंगणात जाळं सांधत होता. सगळं ऐकून म्हणाला, "कित्या तरास करून घेतंस? नोकरी चालली आसा ना?"

"नोकरी चालता. पण नंबर माझो आसा. तो मी सोडूचंय नाय."

साहेबांनी आपल्याला थांबवून घेतलं आणि वरून त्या मुदतवाढीला मंजुरी मिळाली, हे सांगणारं पत्र तिला हवं होतं. तिच्याकडची प्रत घरात पाणी शिरलं तेव्हा गेली होती. दुसरी प्रत आस्थापना शाखेच्या कपाटात, आणि कपाटाची किल्ली दत्तप्रसादकडे. दोघं आता एकाच कचेरीत होते. दोन वर्षं एका टेबलावर डबा खात होते.

दुसऱ्या दिवशी ती त्याच्यासमोर जाऊन बसली. पत्राचं सांगितलं.

त्याने हातातली फाइल मिटली. "गो हिरा, तू चौथी झालंस तर मी पाचवो. जागा चारच आसत."

"म्हणूनच आधी तुका सांगूक इलंय. तुझ्या पाठीमागून अर्ज करूचंय नाय."

"आणि मी म्हटलंय, पत्र गावत नाय, तर?"

"तर माहिती अधिकारात मागतलंय. उशीर होयत, पण सोडूचंय नाय."

दोन दिवस त्याने डबा वेगळा खाल्ला. तिसऱ्या दिवशी त्याने साक्षांकित प्रत तिच्या टेबलावर ठेवली. "आभार मानू नको," एवढंच म्हणाला आणि गेला.

सुनावणीला वरिष्ठ अधिकाऱ्यांनी चष्म्यावरून पाहिलं. "चार वर्षं गप्प का बसलात?"

"यादी आत्ता निघाली, सर. यादीच नव्हती, तर हरकत कशावर घेणार?"

"पण तुम्ही उशिरा रुजू झालात, हे खरं आहे ना?"

"खरं आहे. मी नकार दिला नव्हता, मला सोडलं नव्हतं. हे पत्र, ही मुदतवाढीची मंजुरी. एकाच निवडसूचीतून बढती झाली, तर ज्येष्ठता सूचीतल्या क्रमाने लागते. कोण आधी पोचला, त्यावर नाही." कागद तिने नीट लावून आणले होते.

अधिकाऱ्यांनी पत्र दोनदा वाचलं आणि पुढच्या माणसाला बोलावलं.

महिन्याभराने अंतिम यादी लागली. चौथी हिरा, पाचवा दत्तप्रसाद. फलकासमोर तिला जिंकल्यासारखं वाटलं, आणि मागे वळल्यावर त्याची रिकामी खुर्ची दिसली. तरी तिला पश्चात्ताप झाला नाही.

बढती मिळाली ती वैभववाडीला. समुद्र सोडून घाटाच्या पायथ्याशी राहायची ही पहिलीच वेळ. तीन आठवडे दत्तप्रसादचा फोन नव्हता. मग एका दुपारी त्याचा फोन आला.

"खोली गावली काय गो?"

"गावली. स्टेशनाजवळ."

"बरा झाला." मग तो म्हणाला, "पुढल्या वर्षी एक जागा रिकामी होतली. आता पयलो मीच आसंय."

"यादी लागली की नीट बघ," हिरा म्हणाली. "आणि कायव चुकीचा दिसला, तर माका फोन कर."